तेराव्या अंकातलं निळं

प्रिय रेघ,

तेराव्या अंकाच्या तुझ्या वाटणीच्या दहा प्रती अजून कशा आल्या नाहीत, हे तू तीनदा विचारलंस आणि तिन्ही वेळा मी 'पाठवते' एवढंच कळवलं. प्रती तयार आहेत. खाकी कागदात बांधून, वर तुझा पत्ता घालून, बारा दिवस शिलाई मशीनवर पडून आहेत. माझ्या नणंदबाई येता-जाता आधी त्या गठ्ठ्याकडे बघतात आणि मग माझ्याकडे. मी आजारी नाही, घरात सगळे ठीक आहेत, कुरिअरवाल्यांचा संपही नाही. अंकात एक चूक झाली आहे आणि ती तू स्वतः पान उघडून पाहण्याआधी माझ्याकडून ऐकावीस असं मला वाटतं. अकरा वर्षांत आपण एकदाही भांडलेलो नाही. हे वाचून तू माझ्याशी बोलणं टाकशील की काय अशी धाकधूक आहे, म्हणून आधीच सांगून ठेवते की मी रागावलेली नाही. होते, साधारण वीस मिनिटं. आता नाही.

आधी आपल्या चित्रकथांच्या मेळ्याचं सांगते, कारण तुझी पाठ नेमकी याच वेळी धरली आणि तुला येता आलं नाही. तोच बॅडमिंटनचा हॉल, तीच डुगडुगणारी टेबलं. आपलं टेबल मधल्या रांगेत होतं. डावीकडे मांजरवाल्या बहिणी, उजवीकडे ते निवृत्त लाइनमन, जे वर्षानुवर्षं फक्त रोबोंचे सांधे काढतात आणि गोष्ट विचारली की म्हणतात, गोष्ट पुढच्या वर्षी. सगळ्यांनी तुझी चौकशी केली. मी म्हटलं, पाठ धरलीय आणि बुधवारी कवळ्या द्यायच्यात. तू दातांच्या लॅबमध्ये काम करतेस हे तिथे कुणालाच ठाऊक नव्हतं. ठाऊक असायचं कारणही नाही म्हणा, मेळ्यात कोण कुणाला खरं नाव तरी विचारतं? आपल्याला एकमेकींची खरी नावं वर्षभरानं कळली, तीही कुरिअरच्या फॉर्मवर टोपणनाव चालत नाही म्हणून. तुझं नाव वाचून मला उगीच परक्या बाईला पान पाठवल्यासारखं वाटलं होतं.

पहिल्या मेळ्यात आपली टेबलं शेजारी लागली होती, आठवतं ना? माझ्या पुस्तकातली माणसं बटाट्यासारखी दिसत होती, पण काळं कसं झोकात भरलेलं होतं. तुझी माणसं जिवंत होती आणि पानं मात्र अशी फिकी, की हॉलच्या दिव्याखाली काही दिसेना. तुला शाईची भीती वाटायची. चूक झाली तर पुसता येत नाही, म्हणायचीस. संध्याकाळी टेबलं आवरताना रिवाजाप्रमाणे शेजाऱ्याला आपापलं पुस्तक दिलं, आणि आठवड्यानं तुझं पत्र आलं की रेघ माझी, शाई तुमची, जमेल का? तेव्हापासून आपण तशाच झालो. आपली खिडकीवालीही त्याच पत्रात जन्मली. बस डेपोतली हरवलेल्या वस्तूंची खिडकी, आत बशीएवढ्या डोळ्यांची, मानेवर केस कापलेली ती, आणि दर अंकात एक हरवलेली वस्तू. वीस वर्षांच्या पोरींसारख्या आपण त्या जपानी चित्रकथांच्या मागे लागलो होतो, आणि तेव्हाच पस्तिशीच्या होतो. लोकांना सांगायला लाज वाटायची. मेळ्यात आलं की वाटायची नाही, एवढाच काय तो मेळा.

कामाची पद्धत तुला मी काय सांगणार, पण आज सांगते, कारण सगळं रामायण त्या पद्धतीतच आहे. तू फिकट निळ्या पेन्सिलीनं पान काढायचंस आणि पाठवायचंस. मी त्यावर टाक चालवायचा, ठिपक्यांचा चिकट कागद कापून सावल्या लावायच्या. खालचं निळं पुसायचं नाही, कारण छपाईच्या यंत्राला ते निळं दिसत नाही. पानाच्या कडेला त्याच निळ्यानं तू सूचना लिहायचीस. इथे केस कमी काळे कर. इथे पाऊस नको. सकाळपासून काही खाल्लंस का? पहिली दोन वर्षं मी ते सगळं वाचत असे. पुढे हात बसला, तुझ्या रेघेला काय हवं ते न सांगता कळायला लागलं, आणि मी वाचणं सोडलं. एकदा फुशारकीनं तुला लिहिलंही होतं की माझे डोळे आता यंत्राचे झालेत, निळं मला दिसतच नाही. ते वाक्य तू फार मनावर घेतलंस, रेघ.

आता छपाई. छपाईवाले काका तेच. चौथ्या अंकाच्या वेळी त्यांनी आपलं पुस्तक उलट्या बाजूनं शिवलं होतं, जपानी पद्धतीनं उजवीकडून उघडणारं पुस्तक त्यांना पटेचना, आणि खिडकीवाली शेवटच्या पानावरून पहिल्याकडे म्हातारीची तरुण होत गेली होती. तेव्हापासून मी गठ्ठा हातात आला की फक्त शिवण तपासते. या वेळी मेळ्याच्या दिवशीच सकाळी प्रती मिळाल्या. वरची एक उचलली, शिवण उजवीकडे आहे ना, आहे, चला. काका मागून म्हणाले, "ताई, सावल्या जरा पुसट येत होत्या, म्हणून या खेपेला गडद करून दिलंय." मी त्यांचे आभार मानले. खरंच मानले. त्या माणसानं चांगल्या मनानं एक बटण फिरवलं आणि यंत्राला तुझं निळं दिसायला लागलं.

मला ते दुपारपर्यंत कळलं नाही. आपल्या नर्सबाई आल्या होत्या, त्याच, टेबलाशी उभ्या राहून अख्खं पुस्तक वाचतात आणि मग विकत घेतात. त्या नेहमी हसत वाचतात. या वेळी हसल्या नाहीत. सतराव्या पानावर थांबल्या, परत सोळावं काढलं, पर्स खाली ठेवली. मग म्हणाल्या, "या वेळी फार खरं लिहिलंय हो. तिच्या मनातलं असं कडेला, पुसट. आधी का नाही केलंत असं कधी?" मला वाटलं त्या कुठल्या संवादाबद्दल बोलतायत. मी आपली कौतुक झाल्यासारखी मान हलवली. मग त्यांनी विचारलं, "पण ती कवळी शेवटी कुणाची निघते? सातव्या पानावर आहे ना, उद्या खालचे सहा दात." मांजरवाल्यांपैकी धाकटी म्हणाली, तिचा अंदाज डेपोच्या मॅनेजरवर आहे. म्हणजे सकाळपासून ज्यांनी ज्यांनी पुस्तक उघडलं होतं, त्या सगळ्यांनी ते वाचलं होतं, चर्चा केली होती, पैजा लावल्या होत्या, आणि शाई सोडून सगळ्यांना ठाऊक होतं. चष्म्याच्या दुकानात वीस वर्षं दुसऱ्यांना अक्षरं वाचायला लावणारी बाई मी. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच.

मी खुर्ची मागे ओढली आणि आपलंच पुस्तक पहिल्यापासून वाचलं. तिसऱ्या पानावर, तिच्या केसांशेजारी, राखाडी झालेलं तुझं अक्षर: कंटाळा. नुसता एक शब्द. सातव्यावर ते दात, तुझ्या लॅबचे. अकराव्यावर: एक रविवार नुसता हवाय, काहीही न काढता. सोळाव्यावर: तिला सांगू कसं? आणि सतराव्यावर, जिथे खिडकीवाली शेजारच्या तिकीटवालीकडे बघते आहे, नेमकं तिथे: तिच्याकडे दुसरं आहे तरी काय?

लोकांना वाटलं हे तिकीटवालीबद्दल आहे. ही 'ती' कोण हे त्या हॉलमध्ये फक्त मला कळलं. माझे कान तापले. समोर माणसं पुस्तकं चाळत होती आणि मी मनात तुझ्याशी भांडत होते. दुसरं काय आहे म्हणजे? नवरा आहे, नणंद आहे, दुकान आहे. कोण समजतेस तू स्वतःला, आणि माझी कीव करायला तुला सांगितलं कुणी? म्हणजे मनात नसताना माझ्यासाठी पानं काढत होतीस, भीक घातल्यासारखी? हे सगळं मी मनात म्हटलं, अगदी याच शब्दांत. लाइनमननी चहा आणून ठेवला, तो गार झाला.

मग हसू यायला लागलं. आधी थोडं, मग आवरेना. मांजरवाल्यांना वाटलं मी रडतेय, तर थोडी रडतही होते. कारण रेघ, हेच वाक्य गेली तीन वर्षं माझ्या पोटात आहे. शब्दाला शब्द तेच. वन्संना विचार. त्या गठ्ठे बांधायला मदत करतात म्हणून त्यांच्यासमोर मी कितीदा म्हटलंय, मला हे बंद करायचंय हो, पण तिला सांगू कसं, तिची आई गेल्यापासून तिच्याकडे दुसरं आहे तरी काय? तुझ्या आईंच्या आजारपणात तू दवाखान्याच्या बाकावर बसून दहावा अंक काढलास. त्या गेल्यावर सव्वा महिन्यात अकराव्याची पानं आली. मी म्हटलं, ही पोर या पानांना धरून उभी आहे, आपण हात काढून घेतला तर कोसळेल. आणि तू तिकडे म्हणत होतीस, शाईला पानं मिळाली नाहीत तर तिचं कसं होईल. दोघी एकमेकींना आधार देऊन देऊन दमलो, आणि पडत कुणीच नव्हतं.

घरी आल्यावर मूळ पानांची पेटी पलंगाखालून ओढली आणि सगळे अंक काढून बसले. वन्सं भिंग घेऊन आल्या. नवव्यापर्यंत केस काळे, पाऊस नको, खाल्लंस का. दहाव्यापासून तुझं अक्षर बदललं आहे. अकराव्यात एका पानाखाली लिहिलंयस, आई असती तर म्हणाली असती, बाई, झोप जरा. त्या वाक्यावर मी टाकानं खिडकीचे गज काढलेत. ते दिसल्यावर मात्र मला हसू आलं नाही. तू एवढं लिहीत होतीस आणि मी त्यावरून गज काढत होते, याबद्दल मी तुझी माफी मागते. मला दिसावं म्हणून लिहीत होतीस की दिसणार नाही म्हणून, हे मी विचारणार नाही. तुलाही नक्की सांगता येणार नाही बहुतेक.

बाराव्या अंकात लिहिलंयस, मनगट दुखतंय तरी ती करतेय, मी कुठल्या तोंडानं थांबू? आता माझी पाळी. रेघ, माझं मनगट कधीच दुखत नव्हतं. बारावा अंक पाच महिने रखडला तो मी पोहायला जात होते म्हणून. दर रविवारी सकाळी, वन्संबरोबर, नगरपालिकेच्या तलावावर. त्यांना डॉक्टरांनी गुडघ्यासाठी सांगितलं होतं, मी सोबत म्हणून गेले आणि सोबतच पाण्यात उतरले. सत्तेचाळिसाव्या वर्षी, पोटाला फळी बांधून, आठ वर्षांच्या मुलींच्या रांगेत. आता मी एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत जाते, मध्ये एकदाच कठडा धरते. हे तुला सांगायचं इतकं मनात होतं, पण रविवारची सकाळ आपल्या पानांची, ती मी पाण्यात घालवते हे कबूल कसं करणार? म्हणून मनगट. तू बिचारी मला मलम पाठवलंस. ते वन्संनी गुडघ्याला लावलं, त्यांना गुण आला. चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं, त्या मेळ्यात कुणी हातात हात दिला तरी मी आधी मनगट चोळायचे.

तू विचारशील, फोन का नाही केलास. तीनदा नंबर लावला आणि तीनदा बंद केला. फोनवर तू पहिल्याच वाक्याला म्हणाली असतीस, छे गं, ते असंच, पाठ दुखत होती तेव्हाचं. मी म्हटलं असतं, मलाही वाटलंच. मग तू म्हणाली असतीस चौदाव्यात छत्री घेऊ या, आणि मी हो म्हटलं असतं, आणि आपण दोघी साठीपर्यंत छत्र्या काढत बसलो असतो. आपल्याला एकमेकींना नाही म्हणायची सवयच नाही. पत्रात तुला मध्ये बोलता येत नाही. वन्संनीच सुचवलं. परवा गठ्ठ्यावरची धूळ पुसता पुसता म्हणाल्या, "वहिनी, तुम्हाला पुस्तक जपायचंय का मैत्रीण, ते एकदा ठरवा, मशीन मोकळं होऊ दे." त्यांना परकर शिवायचा आहे.

पण हे पत्र लिहायला बसण्याचं खरं कारण अजून सांगितलेलं नाही, आणि बारा दिवस गठ्ठा पडून राहिला तोही त्यासाठीच. चोविसाव्या पानावर ती किल्ल्या खिळ्याला लावते आणि दिवा घालवते. त्याखाली, डाव्या कोपऱ्यात, तू दर वेळेसारखं निळ्यानं लिहून पाठवलं होतंस: पुढचं पुढच्या अंकात. बारा अंक ती ओळ मी शाईनं गिरवली. या वेळी गिरवली नाही. विसरले नव्हते. टाक बुडवून हात त्या कोपऱ्यापर्यंत नेला आणि परत आणला, टाक धुतला, पान गठ्ठ्यात घातलं. स्वतःला सांगितलं, निळं तर छापून येतच नाही, कुणाला कळणार. ते आलं, पुसट, असून नसल्यासारखं. नर्सबाईंनी शेवटी ते पान माझ्यासमोर धरून विचारलं, "संपली ना गोष्ट?" तुला न विचारता, तुझ्या माघारी, मी हो म्हटलं. संध्याकाळपर्यंत विचारणाऱ्या प्रत्येकाला म्हटलं, हो, संपली. लोक म्हणाले, छान संपली. जीव भांड्यात पडला, रेघ, असा पडला की टेबल आवरताना मी चक्क गुणगुणत होते. पण अर्धी गोष्ट तुझी आहे. मूळ पान माझ्याकडे आहे, ओळ अजून निळीच आहे, तू म्हणालीस तर गिरवायला दोन मिनिटं लागतील आणि मी एका शब्दानं विचारणार नाही. तू म्हणणार नाहीस असं मला वाटतं. गठ्ठा उद्या निघेल. हे पत्र त्यात न घालता वेगळं टाकतेय, आधी पोचावं म्हणून. अकरा वर्षांत आपल्या दोघींमध्ये ज्यात एकही पान नाही असं हे पहिलंच पाकीट. पानांशिवाय आपण एकमेकींना काय लिहिणार, याची मला सगळ्यात जास्त भीती होती, आणि बघ, आठ कागद भरले. येत्या रविवारी ये. मी पोहायला जाणार नाही, तू काही काढू नकोस, वन्संचा परकर तोवर झालेला असेल. येताना पेन्सिल आणू नकोस.

तुझीच, पानं असोत नसोत,
शाई